नारळीकर, गिरगाव आणि एक कोरं पोस्टकार्ड

२० मे २०२५, मंगळवार. सकाळच्या डोंबिवली फास्टमध्ये कसाबसा आत शिरलो होतो आणि खिशातला फोन सारखा थरथरत होता. ठाणं गेल्यावर जरा हात मोकळा झाला तेव्हा पाहिलं. जयंत नारळीकर गेले. पुण्यात, घरीच, झोपेत. वय ८६.

पुढे दिवसभर आमच्या शाळेच्या ग्रुपवर तेच. 'आइनस्टाइनला आव्हान देणारा मराठी माणूस' या मथळ्याचा एकच मजकूर मला पाच जणांनी पाठवला. कोणी त्यांच्याबरोबरचा फोटो टाकला, कोणी त्यांच्या सहीचा. माझ्याकडे यातलं काहीच नाही. माझ्याकडे आहे ते एक पोस्टकार्ड. पत्ता लिहिलेलं, आणि मागची बाजू कोरी.

त्याची गोष्ट सांगतो. नव्वदीची सुरुवात, मी आठवीत की नववीत. आम्ही तेव्हा गिरगावात, ठाकूरद्वारच्या मागच्या अंगाला एका चाळीत राहायचो. दादरला नारळीकरांचं व्याख्यान आहे असं बाबांनी पेपरात वाचलं आणि मला घेऊन गेले. तोवर नारळीकर मुंबई सोडून पुण्याला आयुकात गेलेले होते. सभागृह इतकं भरलेलं की आम्ही दोघं भिंतीला टेकून उभे. व्याख्यानातलं मला आज काहीही आठवत नाही (कृष्णविवरं असावीत). आठवतं ते शेवटचं. आम्ही पोरं सह्यांच्या वह्या काढून व्यासपीठाकडे धावणार, तेवढ्यात एका कार्यकर्त्याने सांगितलं की सर सह्या देत नाहीत. ज्याला सही हवी असेल त्याने त्यांना पोस्टकार्डावर विज्ञानातला एक प्रश्न लिहून पाठवावा. ते उत्तर पाठवतील, आणि उत्तराखाली सही असेलच.

नारळीकरांची ही पद्धत पुढे सर्वांना माहीत झाली. ते खरंच उत्तरं पाठवत. मला तेव्हा वाटलं, एवढंच ना? दुसऱ्या दिवशी पंधरा पैशांचं कार्ड आणलं. पत्ता अगदी वळणदार अक्षरात लिहिला. आणि मग प्रश्न लिहायला बसलो.

प्रश्न सुचेना.

हसू नका. म्हणजे प्रश्न होते, पण ते सगळे पुस्तकातले. धड्याखालचे. 'कारणे द्या' आणि 'फरक स्पष्ट करा'. त्यांची उत्तरं मला पाठ होती आणि ज्याचं उत्तर पाठ आहे असा प्रश्न नारळीकरांना पाठवायचा तर लाज वाटत होती. पाठ नसलेला एकही प्रश्न माझ्याकडे नव्हता. वर्गात दुसरा की तिसरा यायचो मी! चार-पाच दिवस कार्ड दप्तरात फिरलं. मग ते एका पुस्तकात गेलं आणि राहिलंच.

ते पुस्तक म्हणजे 'यक्षांची देणगी'.

नारळीकर म्हटलं की आपण लगेच केंब्रिज म्हणतो, नाहीतर पुणे. त्यांच्या आत्मचरित्राचं नाव 'चार नगरांतले माझे विश्व'. त्यातली वाराणसी बालपणाची, केंब्रिज हॉएल यांचं, पुणे आयुकाचं. मधली मुंबई सगळे विसरतात. मी गिरगावकर असल्यामुळे असेल, पण मला हे जरा लागतंच. १९७२ साली ते केंब्रिज सोडून टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले, कुलाब्याच्या पार शेवटच्या टोकाला, आणि ऐंशीच्या दशकाच्या अखेरीपर्यंत तिथे होते. वैज्ञानिक नारळीकर घडले केंब्रिजात, हे मान्य. पण मराठी लेखक नारळीकर या शहरात जन्मले.

तो जन्मही मोठा गमतीदार आहे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेची विज्ञानकथा स्पर्धा होती. नारळीकर एका परिषदेत कंटाळवाणं भाषण ऐकत बसले होते, आणि समोरच्या कागदावर त्यांनी गोष्ट लिहायला घेतली, 'कृष्णविवर'. ती त्यांनी स्पर्धेला पाठवली, पण स्वतःच्या नावाने नाही. 'नारायण विनायक जगताप' या नावाने. (आद्याक्षरं उलटी वाचून बघा.) अक्षर ओळखू येईल म्हणून ती मंगलाताईंच्या हस्ताक्षरात पाठवली. पहिलं बक्षीस मिळालं.

आता विचार करा. १९६५ साली, वयाच्या २६व्या वर्षी, या माणसाला पद्मभूषण मिळालेलं. हॉएल यांच्याबरोबरचा गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत १९६४ साली जाहीर झाला तेव्हा पेपरांनी त्यांना डोक्यावर घेतलेलं. त्यांनी नुसतं 'मी एक गोष्ट लिहिली आहे' म्हटलं असतं तरी कुठल्याही दिवाळी अंकाने पहिल्या पानावर छापली असती. पण मग ती गोष्ट चांगली होती म्हणून छापली की नाव मोठं म्हणून, हे त्यांना कधीच कळलं नसतं. म्हणून त्यांनी नाव झाकलं. लोक याला नम्रता म्हणतात. मला नाही तसं वाटत. हा प्रयोग होता. ज्या गोष्टीमुळे निकाल बिघडू शकतो ती बाजूला काढायची आणि मग मोजायचं, प्रयोगशाळेत करतात तेच त्यांनी स्वतःवर केलं.

पुढे कऱ्हाडच्या १९७५ च्या साहित्य संमेलनात अध्यक्ष दुर्गाबाई भागवतांनी भाषणात या नव्या कथेची दखल घेतली. दुर्गाबाई म्हणजे एशियाटिकच्या वाचनालयात आयुष्य काढलेल्या बाई, उगाच कोणाला गोंजारणाऱ्या नव्हेत.

आणि नारळीकर काही मुंबईत एकटे नव्हते, हेही सांगायला हवं. त्याच संस्थेतले भौतिकशास्त्रज्ञ भालचंद्र उदगावकर पुढे मराठी विज्ञान परिषदेचे अध्यक्ष झाले. त्याच संस्थेतले वि. गो. कुळकर्णी संशोधन बाजूला ठेवून शालेय विज्ञानशिक्षणाकडे वळले. १९७४ सालीच होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्र सुरू झालं ते कुठे, तर नाना चौकातल्या महापालिकेच्या शाळेत! आमच्या घरापासून चालत पंधरा-वीस मिनिटं. कुळकर्णींनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पालिकेच्या शाळांतल्या मुलांबरोबर काम केलं आणि त्यांच्या लक्षात आलं की या मुलांना विज्ञान अवघड जात नाही, पुस्तकातली भाषा अवघड जाते. धडे मराठीतच असायचे, पण ती मराठी कोणाच्याच घरात बोलली जात नव्हती. भाषा सोपी केली की तीच मुलं पुढे जायची. मला हे वाचताना धडा आठवतो तो 'उत्प्लावन'चा. मी तो शब्द वर्षभर घोकला, आणि गिरगाव चौपाटीवर विसर्जनाला गणपतीची मूर्ती पाण्यात एकाएकी हलकी कशी होते हे हातांनी अनुभवलं. हे दोन्ही एकच आहेत, असं मला कोणी सांगितलं नाही. मलाही विचारावंसं वाटलं नाही.

नारळीकरांची मराठी मात्र घरात बोलली जाणारी होती. वाराणसीत हिंदी माध्यमात शिकलेला, केंब्रिजात इंग्रजीत लिहिलेला माणूस, पण वाक्यं अशी साधी की आमच्या चाळीतल्या जोशीकाकूही वाचायच्या.

'उजव्या सोंडेचा गणपती' मी वाचली ती नेमकी गणपतीतच. डावं-उजवं कसं उलटतं, आरशातलं जग प्रत्यक्षात येऊ शकेल का, यावरची गोष्ट. त्यात मोबियसची पट्टी येते. चाळीच्या गणपतीसाठी पताका कापत बसलो होतो, तिथेच कागदाची एक पट्टी घेतली, एक पीळ दिला, टोकं चिकटवली आणि पेन्सिलीने रेघ ओढत गेलो. रेघ दोन्ही बाजूंना उमटून पुन्हा सुरुवातीला आली! कागदाला एकच बाजू? मी ती पट्टी मधोमध कापली, तर दोन तुकडे न होता एकच लांब पट्टी झाली. रात्री अकरापर्यंत मी पताकांचा कागद नासत बसलो होतो आणि मंडळाच्या खजिनदारांच्या शिव्या खाल्ल्या. आयुष्यात मला पहिल्यांदा 'असं का?' वाटलं असेल तर ते त्या रात्री. पण वाईट हे, की तोही प्रश्न आहे आणि तो कार्डावर लिहिता येतो, हे मला कळलं नाही. मला वाटायचं प्रश्न म्हणजे काहीतरी विश्वाबिश्वाचा असावा लागतो.

नारळीकरांच्या कथा साहित्य म्हणून कशा आहेत, यावर मी भक्तांशी भांडलेलो आहे. त्यांची पात्रं बऱ्याचदा सपाट असतात. एक शास्त्रज्ञ दुसऱ्या शास्त्रज्ञाला दोन पानं समजावून सांगतो आणि तो 'अस्सं!' म्हणतो. 'वामन परत न आला' वाचताना पुढे काय होणार ही ओढ जबरदस्त आहे, पण त्यातलं माणूस म्हणून मला कोणी आठवत नाही. असो. कल्पना मात्र आठवतात, आणि त्यांच्या बाबतीत तेच महत्त्वाचं असावं.

'गंगाधरपंतांचे पानिपत' मात्र अपवाद. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघाताने अशा जगात पोचतात जिथे पानिपत मराठ्यांनी जिंकलेलं आहे. ते पुण्याहून मुंबईला येतात, टाउन हॉलच्या वाचनालयात बसून इतिहास तपासतात. मग आझाद मैदानात सभा चालू दिसते. व्याख्यान रंगलेलं, पण अध्यक्षांची खुर्ची रिकामी! अध्यक्षीय भाषणांची हजारी गाठणाऱ्या गंगाधरपंतांना ते कसं बघवणार? ते जाऊन खुर्चीत बसतात आणि लोक त्यांना बदडून काढतात, कारण त्या जगात अध्यक्ष ही भानगडच लोकांनी मोडीत काढलेली आहे. मराठी सभासंस्कृतीची अशी टिंगल भल्याभल्या विनोदी लेखकांना जमलेली नाही. आणि बघा, पानिपत जिंकल्यावर काय होईल याचं स्वप्न आपण भगवे फेटे बांधून रंगवतो. नारळीकर म्हणतात, एक गोष्ट अशी होईल की हारतुऱ्यांच्या खुर्च्या जातील.

हाच माणूस २०२१ साली नाशिकच्या ९४व्या साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला. प्रकृतीमुळे ते संमेलनाला जाऊ शकले नाहीत. म्हणजे अध्यक्षांची खुर्ची खरोखरच रिकामी राहिली. गंगाधरपंत कुठेतरी हळहळले असतील.

आता त्या 'आइनस्टाइनला आव्हान' बद्दल. हॉएल-नारळीकर सिद्धांताने आइनस्टाइनला खोटं पाडलेलं नाही. एखादी वस्तू ढकलताना ती जो विरोध करते, तिचं जडत्व, ते तिचं एकटीचं नसून विश्वातल्या बाकी सगळ्या द्रव्यामुळे आहे, अशी माख यांची जुनी कल्पना होती. ती गुरुत्वाकर्षणाच्या गणितात बसवायचा तो प्रयत्न होता. त्यात आइनस्टाइनची समीकरणं मोडीत निघत नाहीत, एका विशिष्ट परिस्थितीत तीच परत मिळतात. पण हे कोण सांगणार? आपल्याला कुस्ती हवी असते.

आणि आपण जे कधीच सांगत नाही ते हे की विश्वाच्या उत्पत्तीच्या वादात नारळीकर हरणाऱ्या बाजूला होते. हॉएल, बाँडी आणि गोल्ड यांनी १९४८ साली स्थिर स्थितीचं विश्व मांडलं. विश्वाला सुरुवात नाही, ते प्रसरण पावतं आणि नवं द्रव्य तयार होत राहतं. १९६५ साली पेंझियस आणि विल्सन यांना सगळ्या दिशांनी सारखी येणारी सूक्ष्मलहरींची ऊब सापडल्याचं जाहीर झालं आणि पारडं महास्फोटाकडे झुकलं. पुढच्या पुराव्यांनी ते झुकतच गेलं. नारळीकर हॉएल यांच्याबरोबर राहिले. १९९३ साली हॉएल आणि बर्बिज यांच्यासह त्यांनी सुधारलेला सिद्धांत मांडला, तोही बहुसंख्य खगोलशास्त्रज्ञांना पटला नाही.

'भारतीय म्हणून डावललं' असं म्हणणारे लोक मला भेटतात. मग हॉएल काय कोल्हापूरचे होते? तसं काही नाही. पुरावा दुसऱ्या बाजूला गेला, इतकंच. मला स्वतःला वाटतं की शेवटी शेवटी नारळीकरांनी त्या बाजूला जरा जास्तच धरून ठेवलं. भौतिकशास्त्रात बीएस्सी होऊन बँकेत चिकटलेल्या माणसाने हे म्हणावं का? कोण जाणे. पण त्यांचं सगळं लिखाण मला हेच तर सांगत आलं, की नाव बघू नका, म्हणणं बघा. मग त्यांच्याच बाबतीत मी नाव का बघू?

नाव झाकण्याचा त्यांचा दुसरा प्रयोग २००८ सालचा. नरेंद्र दाभोलकर आणि इतर सहकाऱ्यांबरोबर त्यांनी फलज्योतिषाची चाचणी घेतली. दोनशे मुलांच्या कुंडल्या, शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर मतिमंद मुलांच्या. कोणती कोणाची ते झाकलेलं. २७ ज्योतिषांनी प्रत्येकी चाळीस कुंडल्या तपासून उत्तरं पाठवली. सरासरी ४६ टक्के बरोबर. छापा-काटा केला असता तर पन्नास आले असते. बाजूने वा विरोधात नुसती भाषणं ठोकण्यापेक्षा हे किती स्वच्छ! 'करंट सायन्स'मध्ये ते छापूनही आलं. काय फरक पडला? त्यांच्या निधनाची बातमी ज्या पेपरात मी वाचली, त्याच पेपरात आत राशिभविष्य होतं. त्यांच्या 'धूमकेतू' कथेतही हेच आहे. शास्त्रज्ञ जिवाच्या आकांताने पृथ्वीवरचं संकट टाळतात, आणि त्याच वेळी धूमकेतू शोधणाऱ्या दत्तांच्या घरी शांतीचा यज्ञ पार पडतो. श्रेय यज्ञाला. ती गोष्ट लिहिणाऱ्याला आपण चांगले ओळखीचे होतो.

मंगलाताईंचंही तेच. २०१९ साली दुसरीच्या पुस्तकात 'पंचवीस'बरोबर 'वीस पाच' असं म्हणून संख्या समजून घ्यायची सोय झाली, आणि त्या समितीवर महाराष्ट्र तुटून पडला. एवढी मोठी गणिती बाई शांतपणे सांगत होती की लहान मुलाला 'पंचवीस' ऐकताना पाच आधी येतो आणि लिहिताना दोन, म्हणून ते अडखळतं. विनोद शेकड्याने फिरले. 'का बरं त्यांनी असं केलं असेल?' असं विचारणारा माझ्या ग्रुपवर एकही नव्हता. मीही एक विनोद पुढे पाठवला होता. आता कबूल करतो.

मी माझ्या मुलीला इंग्रजी शाळेत घातलं. गिरगाव-दादरच्या ज्या मराठी शाळांत आमच्या पिढीने नारळीकर वाचले त्यांचे वर्ग ओस पडत गेले, आणि त्या ओस पडण्यात माझाही वाटा एका बाकाचा आहेच. त्याबद्दल रडण्याचा मला अधिकार नाही. पण गंमत ऐका. अकरावीला तिच्या इंग्रजीच्या पुस्तकात 'द ॲडव्हेंचर' नावाचा धडा आला. वाचता वाचता ती म्हणाली, "बाबा, हा प्रोफेसर गायतोंडे टाउन हॉलला जातो, आझाद मैदानात मार खातो... हे तुमचे नारळीकर ना?" गिरगावात माझ्या बापाने मला दिलेली गोष्ट माझ्या मुलीला डोंबिवलीत इंग्रजीतून मिळाली. मी मूळ गोष्ट दाखवायला कपाटातून पुस्तकं काढली. 'यक्षांची देणगी' उघडलं तर त्यातून ते पोस्टकार्ड पडलं.

तिने ते उलटसुलट करून पाहिलं. मी सगळा किस्सा सांगितला. सह्या, प्रश्न, चार-पाच दिवस, सगळं. मग ते कोण होते, हॉएल कोण, स्थिर स्थिती म्हणजे काय, तेही सांगितलं. तिने मोबाइल बाजूला ठेवून ऐकलं, हेच विशेष.

"पण बाबा," ती म्हणाली, "त्यांची थिअरी बहुतेकांनी नाकारली, हे त्यांना माहीत होतं ना? मग काय पुरावा मिळाला असता तर त्यांनी ती सोडली असती?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि मिटलं. हा प्रश्न तेव्हा मला सुचला असता तर कार्ड त्याच दिवशी पेटीत पडलं असतं.